ईमेल उघडत नाही म्हणून परत परत पासवर्ड मारत बसू नका

मा. संपादक,
स.न.वि.वि.

निकाल लागले की आमच्या तालुक्याच्या गावात दरवर्षी तेच चालू होतं. अ‍ॅडमिशनचा फॉर्म म्हणा, महाडीबीटीची स्कॉलरशिप म्हणा, सगळीकडे ईमेल मागतात आणि नेमकं तेव्हाच पोरांचं ईमेल उघडत नाही. विचारलं तर कळतं की अकाउंट दोन वर्षांपूर्वी कॉम्प्युटरच्या दुकानात काढलेलं, पासवर्ड दुकानदाराच्या वहीत आणि रिकव्हरीला, म्हणजे अडकलेलं अकाउंट परत मिळवायला, दिलेला नंबरही त्याचाच. त्याच्यासमोर रांग असते, तो हाताशी असलेला नंबर टाकून मोकळा होतो, पण पुढे त्या पोराचं वर्ष अडकतं हो, आणि घरात कोणाला काय करायचं ते माहीत नसतं.

माझ्याकडे शेजारपाजारची मुलं, म्हातारी माणसं फोन घेऊन येतात म्हणून हे कळकळीनं लिहितोय. पासवर्ड चुकीचा दाखवतंय म्हणजे दरवेळी पासवर्डच चुकलाय असं नसतं, आधी आयडीचं स्पेलिंग बघा, कीबोर्ड मराठीवर राहिलाय का बघा, कॅप्स चालू आहे का बघा, फोनची तारीख-वेळ बरोबर आहे का तेही बघा. जीमेलच्या आयडीत टिंब दिलं काय नि नाही दिलं काय, फरक पडत नाही, त्यात वेळ घालवू नका.

तरी नाहीच उघडलं तर 'फर्गॉट पासवर्ड' करायचं, पण ते कुठून करायचं हे महत्त्वाचं आहे. ज्या फोनवर किंवा कॉम्प्युटरवर ते अकाउंट आधी चालायचं त्याच्यावरूनच, आणि जमलं तर नेहमीच्याच ठिकाणाहून, घरच्या वायफायवरून करा असं गूगल स्वतःच सांगतं. आपली माणसं घाबरून भलत्याच गावातल्या कॅफेत जातात, तिथं दहा वेळा अंदाजानं पासवर्ड टाकतात, मग समोरच्या सिस्टिमला हा चोरच वाटतो आणि ती अजून अडवते. जुना पासवर्ड विचारला तर आठवतो तो टाका, तोही उपयोगी पडतो.

आता ओटीपीचं. प्रीपेड सिम 90 दिवस वापरलंच नाही, बॅलन्सही नाही, तर ते बंद होऊ शकतं आणि काही काळानं तोच नंबर दुसऱ्या माणसाला मिळतो, म्हणजे तुमच्या ईमेलचा कोड त्याच्या फोनवर! सिम बदललं की लगेच ईमेलमध्ये जाऊन नंबर बदलायलाच हवा. हरवलेल्या सिमच्या जागी त्याच नंबरचं नवीन सिम घेतलं तर पहिले 24 तास एसएमएस बंद असतात, त्यामुळे फॉर्मच्या शेवटच्या दिवसावर हे काम ठेवू नका.

आणि कृपा करून नेटवर 'जीमेल कस्टमर केअर नंबर' शोधून फोन लावू नका. फुकटच्या जीमेलला फोन करून अकाउंट उघडून घ्यायची सोयच नाही. पलीकडचा माणूस ओटीपी मागतो, स्क्रीन शेअर करायचं अ‍ॅप टाकायला लावतो, मग ईमेलसोबत बँक खातंही जातं. पैसे गेलेच तर ताबडतोब सायबर फसवणुकीच्या 1930 या हेल्पलाइनला फोन करा.

ज्यांचं जुनं अकाउंट नुसतं पडून आहे त्यांनीही एकदा उघडून ठेवा, 2 वर्षं न वापरलेली वैयक्तिक अकाउंट गूगलनं डिसेंबर 2023 पासून काढायला सुरुवात केलीय, त्यात फोटोसुद्धा जातात.

माझी शाळा-कॉलेजांना विनंती आहे की जूनमध्ये एक तास यासाठी द्या. मुलांकडून रिकव्हरीला स्वतःचा किंवा आईवडिलांचा चालू नंबर टाकून घ्या, घरातल्या कोणाचं तरी दुसरं ईमेल जोडून घ्या, टू-स्टेप (पासवर्डनंतर फोनवरून आणखी एकदा खात्री करणं) चालू असेल तर फोन हाताशी नसताना वापरायला 10 बॅकअप कोड मिळतात ते कागदावर उतरवून मार्कशीटच्या फाईलमध्ये ठेवायला सांगा. आपणही निकालाच्या आठवड्यात अ‍ॅडमिशनच्या वेळापत्रकाशेजारी एवढी माहिती चौकटीत छापावी. आणि दुकानदार मित्रांनो, अकाउंट काढताना नंबर गिऱ्हाईकाचाच टाका, फोन सोबत नसेल तर त्याला फोन घेऊन परत यायला सांगा.

आपला,
एक नियमित वाचक