मुगेनमध्ये कोल्हापूरचा पट्टेबाज

मा. संपादक,
स. न. वि. वि.

सुट्टी लागली की आपल्याकडं बऱ्याच घरांत ‘मुगेन’ चालू होतं. एलेकबाइट या गटानं १९९९ मध्ये आणलेल्या, मारामारीचे गेम बनवायच्या या फुकट इंजिनात (सॉफ्टवेअरमध्ये) कुठल्याही गेममधले फायटर, म्हणजे लढणारे गडी, आणून झुंजवता येतात. पोरं पाचपाचशे फायटर भरून ठेवतात आणि वीसही धड खेळत नाहीत. त्यापेक्षा मर्दानी खेळातला एकच पट्टेबाज स्वतः घडवावा.

मोबाइल स्टँडवर पक्का बसवून सेकंदाला ६० फ्रेमनं चित्रण करा. मुगेनचा टिकही, म्हणजे वेळ मोजायचं एकक, सेकंदाचा साठावा भाग, त्यामुळं फ्रेम मोजल्या की वेळ आपसूक मिळते. पट्टा म्हणजे हात झाकणाऱ्या मुठीची लांब तलवार, तिच्यात मनगट बांधलेलं असतं. वार खांद्यातून आणि कमरेतून फिरतो. चित्रणातल्या फ्रेम काढून एक वार तीन चित्रांत उरकलात तर पट्टा लाठीसारखा दिसेल, सात-आठ तरी हवीत. चित्रं पीएनजीत ठेवा. जेपीजीत कडेचे रंग मिसळतात आणि फायटरभोवती घाणेरडी किनार उरते. २५६ रंगांच्या पॅलेटमध्ये (चित्राच्या रंगयादीत) पार्श्वभूमी शून्य क्रमांकावर असली तरच ती पारदर्शक होते. प्रत्येक चित्राचा अक्ष, म्हणजे चित्र जागेवर बसवायचा बिंदू, दोन पावलांच्या मध्ये, जमिनीवर धरा; नाहीतर गडी उभ्याउभ्या घसरतो.

खरी गोची होते ती चौकटींत. फायटर फॅक्टरी या फायटर घडवायच्या सॉफ्टवेअरमध्ये चित्रावर चौकटी आखतात: लाल चौकट माराची, म्हणजे जिथं वार लागतो ती, आणि निळी अंगाची, म्हणजे जिथं मार बसतो ती. नवखे सगळ्या चित्रांना लाल चौकट लावतात, मग हात उचलतानाच समोरचा पडतो. पट्टा पुढं आलेल्या दोन-तीन टिकांपुरतीच ती ठेवा. एवढ्या लांब पात्याला सावरायला वेळही जास्त द्यावा लागतो. समजा, मार लागल्यावर समोरचा २० टिक थिजतो, तुमचा गडी १० टिकांत सावरतो आणि पुढचा वार ६ टिकांत पोचतो. कोपऱ्यात सापडलेला मग सुटतच नाही. असा फायटर कुणी दुसऱ्यांदा निवडत नाही, आणि बरोबरच आहे.

यादीत गडी दिसत नसेल तर बहुतेक वेळा कारण क्षुल्लक असतं: फायटर ठेवायच्या ‘चार्स’मधल्या फोल्डरचं आणि त्यातल्या डेफ फाइलचं (फायटरची माहिती देणाऱ्या फाइलचं) नाव जुळत नाही, किंवा फायटरांची यादी असलेल्या सिलेक्ट डॉट डेफमध्ये ते लिहायचं राहिलंय.

दुसऱ्याचे आवाज किंवा मार लागल्यावर उडणाऱ्या ठिणग्यांची चित्रं उचलली तर रीडमीत (फायटरसोबतच्या माहितीच्या फाइलीत) त्याचं नाव द्या. चित्रण मात्र वस्तादांना विचारूनच करा, आणि त्या रीडमीत पहिलं नाव त्यांचं हवं.

– एक वाचक, शिवाजी पेठ, कोल्हापूर