२६ नोव्हेंबर नासाऊचाही

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

२६ नोव्हेंबरला आपल्याकडे संविधान दिनाच्या निमित्ताने शाळाशाळांत उद्देशिका वाचली जाते. १९६२ साली याच तारखेला बहामा या बेटांच्या देशातल्या (राजधानी नासाऊ) बायकांनी आयुष्यात पहिल्यांदा मत टाकले. तोवर भारतीय बायकांच्या तीन सार्वत्रिक निवडणुका होऊन गेल्या होत्या! वर्तमानपत्रांत हा देश भेटतो तो पर्यटनाच्या पानावर, म्हणून हे पत्र.

बहामा तेव्हा ब्रिटिश वसाहत होती. १९५८च्या सार्वत्रिक संपानंतर, १९५९ साली, मताधिकाराचा कायदा बदलला. इस्टेट नसलेल्या पुरुषालाही मत मिळाले, पण इस्टेटवाल्याला एकाहून अधिक मते देण्याची पद्धत पुरती गेली नाहीच, ती दोन मतांवर आणून ठेवली. म्हणजे पुरुषाला प्रसंगी दोन मते आणि बाईला एकही नाही.

मेरी इंग्रहॅम, जॉर्जियाना सिमोनेट, मेबल वॉकर, युजीनिया लॉकहार्ट या बायकांनी सह्या गोळा केल्या, अर्जांमागून अर्ज दिले. १९ जानेवारी १९५९ रोजी याच चळवळीतल्या डोरिस जॉन्सन लोकप्रतिनिधींसमोर बोलल्या, तो प्रसंग मला विसरता येत नाही. सभागृहात त्यांना बोलू देणे नियमात बसेना. मग कामकाज थांबवून सभासद मॅजिस्ट्रेटच्या कोर्टात जाऊन बसले आणि भाषण तिथे झाले. एका बाईचे ऐकायला सभागृहाने घर बदलले! हसावे की चिडावे, कळत नाही. पुढच्या वर्षी जॉन्सन आणि लॉकहार्ट थेट लंडनला वसाहत खात्यात जाऊन धडकल्या. १९६१ साली बायकांच्या मताधिकाराचा कायदा झाला.

१९६२च्या निवडणुकीत जॉन्सन स्वतः उभ्या राहिल्या आणि पडल्या. त्यांच्या पक्षाला सर्वाधिक मते मिळूनही जागा आल्या आठच. मतदारसंघांची आखणीच तशी होती. पुढे १९७३ साली देश स्वतंत्र झाला आणि त्याच वर्षी त्या सिनेटच्या अध्यक्ष झाल्या.

आम्ही शिक्षक मुलांकडून मताधिकाराची साले पाठ करून घेतो आणि पुढच्या धड्याकडे वळतो. बहामात तो धडा अजून संपलेला नाही. परदेशी नवरा असलेल्या बहामी बाईचे परदेशात जन्मलेले मूल आपोआप नागरिक ठरत नाही. परदेशी बायको असलेल्या बहामी पुरुषाचे ठरते. हा भेद काढण्यासाठी २००२ आणि २०१६ साली सार्वमत घेतले. दोन्ही वेळा मतदारांनी 'नाही' म्हटले, आणि त्या मतदारांत बायकाही होत्या.

— एक निवृत्त शिक्षिका, सातारा