बाबांच्या हातासाठी आरसा

ती. आई आणि ती. बाबांस,
सा. नमस्कार.

आई, चांगला उजवा हात आरशात पाहत हलवून बाबांचा पक्षाघाताने लुळा पडलेला डावा हात कसा सुधारायचा, असं तू फोनवर विचारलंस. फिजिओथेरपिस्टनी सांगितलेला हा व्यायाम मांडणी चुकली तर वाया जातो, म्हणून आधी मांडणी लिहिते.

आरसा साधारण दोन फूट लांब आणि दीड फूट उंच घ्या. जाड चौकटीचा नको आणि कडांना चिकटपट्टी लावा. टेबलावर बाबांच्या छातीच्या बरोबर मध्यावर, त्यांच्या नाकाच्या रेषेत तो उभा करायचा, काचेची बाजू उजवीकडे. दोन्ही बाजूंनी जड पुस्तकांचा टेकू द्या. डावा हात आरशामागे, उजवा पुढे. आरशात दिसणारा उजवा हात मेंदूला डावाच वाटायला हवा; आरसा तिरका झाला की तो भलत्याच जागी दिसतो आणि मेंदूला तो आपला वाटत नाही. याच कारणासाठी अंगठी, घड्याळ, मनगटाचा दोरा काढायचा आणि दोन्ही बाह्या सारख्या दुमडायच्या.

बाबा, नजर आरशातच ठेवा. उजवा हात सावकाश हलवा आणि मागचा डावा हातही तसाच हलवायचा प्रयत्न करा, अगदी बोटभर हलला तरी चालेल. मनगट वर-खाली, तळवा उलटा-सुलटा, मूठ वळून उघडणं, अंगठा एकेका बोटाला टेकवणं. प्रत्येक दहा-पंधरा वेळा. पहिला आठवडा दहा मिनिटं, मग हळूहळू अर्ध्या तासापर्यंत, आठवड्यातून पाच दिवस. टीव्ही बंद. घाई केली तर डावा हात मागे पडतो आणि आरशातलं चित्र खोटं वाटू लागतं. गरगरलं, मळमळलं किंवा दुखलं तर नजर वळवून थांबा आणि फिजिओथेरपिस्टना कळवा.

आता तू पाठवलेल्या मेसेजमधल्या मिरर न्यूरॉनबद्दल. इटलीतल्या पार्मा विद्यापीठात जाकोमो रिझोलाती यांच्या गटाला माकडांच्या मेंदूत अशा पेशी सापडल्या, की माकड स्वतः वस्तू उचलताना ज्या चेततात, त्याच दुसऱ्याने उचललेली पाहतानाही चेततात. हे १९९२ साली प्रसिद्ध झालं. मेंदूशास्त्रज्ञ विलयानूर रामचंद्रन यांनी आरशाचा उपयोग आधी हात कापलेल्या लोकांना त्या नसलेल्या हातात होणाऱ्या वेदनांसाठी केला, मग पक्षाघाताच्या रुग्णांवर तो तपासला गेला. हाताची हालचाल सुधारायला त्याचा उपयोग होतो, हे कॉक्रेन या वैद्यकीय अभ्यास एकत्र तपासणाऱ्या संस्थेच्या २०१८च्या आढाव्यात ६२ अभ्यास एकत्र पाहून दिसलं. नेहमीच्या व्यायामाच्या जोडीला, त्याऐवजी नव्हे. हा परिणाम या पेशींमुळेच होतो का, यावर मात्र शास्त्रज्ञांत मतभेद आहेत.

तुझ्या त्या मेसेजमध्ये ‘सहवेदना म्हणजे मिरर न्यूरॉन’ असं होतं. ती उडी फार मोठी आहे. २००४ साली शास्त्रज्ञ तानिया सिंगर यांच्या लंडनमधल्या अभ्यासात जोडीदाराला विजेचा झटका बसणार हे कळताच बायकांच्या मेंदूतले दुःखाची भावना सांभाळणारे भाग जागे झाले, पण वेदना नेमकी कुठे होते हे सांगणारे भाग तसे झाले नाहीत. शिवाय अशा अभ्यासातल्या मेंदूच्या स्कॅनमध्ये एकेक पेशी दिसत नाही. तुझा कळवळा एका पेशीच्या प्रकारात मावणारा नाही, आई.

त्या कळवळ्यापोटी तू बाबांचा डावा हात धरून ओढतेस, ते मात्र थांबव. कमजोर खांदा ओढल्याने दुखावतो आणि हालचालीचा प्रयत्नही बाबांकडून सुटतो. त्याऐवजी आरशाचा वेळ संपला की त्यांच्या समोर नको, डाव्या बाजूला बस. आपल्या डाव्या हाताने वाटी उचल, तोंडापर्यंत ने, परत ठेव. तीन-चार वेळा सावकाश दाखव. मग बाबांनी तेच लगेच करायचं, रिकाम्या स्टीलच्या वाटीने. नुसतं पाहणं पुरत नाही. बॅले आणि कपोएरा (ब्राझीलचा युद्धकलेसारखा नाच) करणाऱ्या नर्तकांच्या अभ्यासातही आपला सराव असलेलं नृत्य पाहतानाच मेंदूचे हालचालीचे भाग जास्त चेतलेले दिसले.

वाटी जमली की पुढे पेला, मग टॉवेलची घडी. बाबांना डाव्या बाजूचं ताट दिसत नाही असं वाटलं, तर आरसा तसाच ठेवून आधी फिजिओथेरपिस्टना विचारा. रविवारी व्हिडिओ कॉल लावताना फोन टेबलाच्या उजव्या टोकाला ठेवा, म्हणजे आरसा सरळ आहे का ते मला दिसेल.

तुमची,
धाकटी