व्हिएतनाम: लढायला कोण गेले, हेही सांगा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

व्हिएतनाम युद्धाने अमेरिकेचे राजकारण कसे बदलले, यावरचा आपल्या रविवार पुरवणीतला लेख वाचला. लेख मेहनतीने लिहिला आहे, यात शंका नाही. पण युद्ध थांबवल्याचे बहुतेक सगळे श्रेय त्यात विद्यार्थी चळवळीच्या पदरात टाकले आहे, ते मला पटले नाही. मोर्चे निघाले, विद्यापीठे बंद पडली, आपण पुन्हा उभे राहणार नाही असे अध्यक्ष जॉन्सन यांनी ३१ मार्च १९६८ च्या भाषणात जाहीर केले, हे सगळे खरे. पण त्याच नोव्हेंबरात निवडून कोण आले? रिपब्लिकन पक्षाचे निक्सन. आणि १९७२ मध्ये तर डेमोक्रॅटिक पक्षाचे युद्धविरोधी उमेदवार मॅकगव्हर्न समोर असताना निक्सन यांनी ५० पैकी ४९ राज्ये जिंकली. लोकांना युद्ध नकोसे झाले होते आणि युद्धविरोधकही नकोसे झाले होते. हे कसे, याला लेखात हात घातलेला नाही.

माझ्या मते त्याचे उत्तर सक्तीच्या लष्करभरतीत सापडते. कायद्याने ती सगळ्या तरुणांना लागू होती, पण कॉलेजात नाव असेपर्यंत बोलावणे पुढे ढकलले जाई. म्हणजे ज्याच्या घरी फी भरण्याची ऐपत होती तो वर्गात, आणि जो शाळा संपताच कारखान्यात लागला तो छावणीत. त्यात १९६६ मध्ये संरक्षणमंत्री मॅक्नामारा यांनी भरतीचे निकषच खाली आणले. एरवी लेखी चाचणीत नापास म्हणून परत पाठवली गेली असती अशी तीन लाखांहून अधिक मुले त्या योजनेतून सैन्यात आली. गरिबांच्या मुलांना शिस्त आणि कौशल्य मिळेल, असे तिचे गोंडस समर्थन होते. चीड येते ती या समर्थनाची.

ओरड वाढली तेव्हा १ डिसेंबर १९६९ रोजी दूरचित्रवाणीवर भरतीचा क्रम ठरवणारी सोडत काढण्यात आली. वर्षातल्या ३६६ तारखा निळ्या कुप्यांमध्ये घालून त्या काचेच्या बरणीत ठेवल्या होत्या. पहिली निघाली १४ सप्टेंबर. त्या तारखेला जन्मलेला पात्र वयाचा प्रत्येक मुलगा रांगेत पहिला! निदान नशीब तरी सगळ्यांना सारखे, असे वाटले असेल. पण कुप्या महिन्यांच्या क्रमाने भरल्या होत्या आणि नीट ढवळल्याच नव्हत्या. परिणामी वर्षाच्या अखेरच्या महिन्यांत जन्मलेल्यांचे नंबर प्रमाणाबाहेर लवकर लागले. संख्याशास्त्रज्ञांनी ते लगेच दाखवून दिले. आणि कॉलेजची सवलत? ती तशीच चालू होती.

आता या पार्श्वभूमीवर मे १९७० चे ते पाच दिवस पाहा. ४ मे रोजी ओहायोतल्या केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्ड या राखीव लष्करी दलाच्या जवानांनी १३ सेकंदांत ६७ गोळ्या झाडल्या. चार विद्यार्थी ठार, नऊ जखमी. देश हळहळला असेल असे आज वाटते. प्रत्यक्षात त्यानंतरच्या गॅलप संस्थेच्या जनमत चाचणीत ५८ टक्के लोकांनी विद्यार्थ्यांनाच दोषी ठरवले. जवानांना दोष देणारे होते ११ टक्के. ८ मे रोजी न्यूयॉर्कमध्ये शोक व्यक्त करणाऱ्या विद्यार्थ्यांवर शेकडो बांधकाम कामगार तुटून पडले. मृतांसाठी सिटी हॉलवरचा ध्वज अर्ध्यावर उतरवला होता, तो त्यांनी पुन्हा वर चढवायला लावला. महिना उलटायच्या आत निक्सन यांनी कामगार पुढाऱ्यांना व्हाइट हाउसमध्ये बोलावले आणि त्यांच्याकडून बांधकामावरचे शिरस्त्राण भेट म्हणून स्वीकारले.

या कामगारांना युद्धाचे प्रेम होते, असा निष्कर्ष काढणे सोपे आहे आणि चूक आहे. त्या काळच्या जनमत चाचण्या चाळल्या तर युद्धाला पाठिंबा देणाऱ्यांत सुशिक्षितांचे प्रमाण जास्त दिसते, कमी शिकलेल्यांचे नव्हे. राग युद्धाच्या बाजूचा नव्हता. आमची पोरे तिकडे मरताहेत आणि ज्यांना जावेच लागले नाही ते इथे झेंडे जाळताहेत, असा तो राग होता. निक्सन यांनी तो नेमका हेरला. डेमोक्रॅटिक पक्षाची हक्काची कामगार मते तेव्हा सुटू लागली, आणि १९७२ मध्ये एएफएल-सीआयओ या कामगार महासंघाने मॅकगव्हर्न यांना पाठिंबा द्यायला चक्क नकार दिला. (या सगळ्या घरच्या भांडणात मेलेले लाखो व्हिएतनामी बहुतेकदा मागेच पडले, हेही नोंदवून ठेवतो. आपल्या लेखातही त्यांना एकच वाक्य मिळाले आहे.)

ही फूट त्या पिढीच्या नेत्यांनाही चुकली नाही. क्लिंटन, धाकटे बुश, ट्रम्प, बायडेन हे चौघेही भरतीच्या वयाचे होते. व्हिएतनामला एकही गेला नाही. गोर, केरी आणि मॅकेन हे तिघे गेले होते; तिघेही अध्यक्षपदाची निवडणूक हरले. मॅकेन यांनी तर साडेपाच वर्षे कैद भोगली होती. केरी यांची युद्धातली पदके हीच २००४ च्या प्रचारात त्यांच्या गळ्यात अडकली, कारण परतल्यावर १९७१ मध्ये त्यांनी सिनेटच्या समितीसमोर युद्धाविरुद्ध साक्ष दिली होती.

लेखाच्या शेवटी, १९७३ मध्ये सक्तीची भरती संपली हा चळवळीचा विजय, असे म्हटले आहे. पण ती संपवण्याचे वचन निक्सन यांनीच १९६८ च्या प्रचारात दिले होते, आणि बोलावणे थांबल्यावर विद्यापीठांची आवारे शांत होतील याचा अंदाज त्यांना नसेल असे मानणे भाबडेपणाचे ठरेल. भरती गेली आणि युद्ध बहुतेक घरांच्या उंबऱ्याबाहेर गेले. आज अमेरिकेच्या लोकसंख्येतला एक टक्काही खड्या सैन्यात नाही. इराकच्या वेळी, २००३ मध्ये, मोर्चे निघाले, प्रचंड निघाले, पण टिकले नाहीत. अफगाणिस्तानात तर सैन्य २० वर्षे राहिले.

१९७३ मध्येच काँग्रेसने, म्हणजे अमेरिकी संसदेने, निक्सन यांचा नकाराधिकार डावलून अध्यक्षांच्या युद्धाधिकारांवर मर्यादा घालणारा कायदा केला. लेखात त्याचे कौतुक आहे. पण मतांचे आकडे शेजारी ठेवून पाहा. ऑगस्ट १९६४ मध्ये टोंकिनच्या आखातात अमेरिकी युद्धनौकांवर उत्तर व्हिएतनामने केल्याचे सांगितलेल्या हल्ल्यावरून जॉन्सन यांना मोकळीक देणारा ठराव प्रतिनिधिगृहात ४१६ विरुद्ध ० आणि सिनेटमध्ये ८८ विरुद्ध २ असा झाला. (ज्या दुसऱ्या हल्ल्यामुळे तो आला, तो झालाच नव्हता असे आता मानले जाते.) सप्टेंबर २००१ मध्ये, ११ सप्टेंबरच्या हल्ल्यांनंतर, धाकट्या बुश यांना तशीच मोकळीक मिळाली: ४२० विरुद्ध १ आणि ९८ विरुद्ध ०. १९६४ मध्ये विरोध करणारे मोर्स आणि ग्रुएनिंग हे दोन सिनेटर १९६८ मध्ये, म्हणजे देश युद्धाला विटला त्याच वर्षी, आपापल्या जागा गमावून बसले. २००१ च्या एकट्या विरोधक, प्रतिनिधिगृहाच्या सदस्य बार्बरा ली यांना जिवे मारण्याच्या धमक्या आल्या. या तिघांबद्दल लेखात अक्षरही नाही. लेखमालेचा पुढचा भाग येणार असेल, तर तेवढी जागा जरूर द्यावी.

कळावे,
आपला एक नियमित वाचक