कूलर बंद करणाऱ्या भाऊंना

प्रिय भाऊ,

सीताबर्डीच्या तुमच्या दुकानातून बाबांना घरी आणलं त्याला आठवडा झाला, तरी लिहायला बसले की डोळे भरून येतात.

माझे आजोबा, म्हणजे बाबांचे आप्पा, १९२०मध्ये मुंबईत नोकरीला होते. १ ऑगस्टला सरदारगृहापासून गिरगाव चौपाटीपर्यंत लोकमान्यांच्या अंत्ययात्रेत ते भर पावसात चालले. त्या यात्रेचं मूक चित्रीकरण शिल्लक आहे हे कळल्यापासून बाबांना एकच ध्यास. वय ८९.

याआधी एका कार्यक्रमात त्यांना घेऊन गेले होते. हातानं फिरवायच्या कॅमेऱ्यावर सेकंदाला साधारण १६ चौकटी टिपलेल्या, तिथं त्या २४च्या वेगानं पळवल्या आणि वर ढोल-ताशे लावले. प्रेतयात्रेतली माणसं तुरूतुरू धावताना दिसली. सभागृह हसलं. बाबांनी मान खाली घातली. आयोजकांना सांगायला गेले तर म्हणे, "काकू, जुनी फिल्म अशीच असते." अशी नसते! शोकानं चालणाऱ्या माणसांची चाल बिघडवायचा हक्क यांना कुणी दिला?

तुमच्या दुकानात तुम्ही तीच फिल्म लावलीत, वेग उतरवलात, आवाज काढून टाकलात, आणि माणसं माणसांसारखी चालू लागली. छत्र्या, टोप्या, डोकीच डोकी. बाबा पुटपुटायला लागले, "पद्मासनात बसवलं होतं, आप्पा सांगायचे. गांधीजींनी खांदा दिला. शौकत अलींनीही." त्यांचा आवाज आता फार बारीक झालाय, कूलरच्या घरघरीत विरून जात होता.

तुम्ही उठलात आणि कूलर बंद केलात.

मे महिना, नागपूर, भर दुपार. बंद खोली. तुम्ही दुपट्ट्यानं मान पुसत बाबांच्या खुर्चीपाशी जमिनीवर बसलात, त्यांच्या तोंडाकडे कान करून. चित्र संपलं तरी उठला नाहीत. ते म्हणाले, "पुन्हा लाव," तुम्ही पुन्हा लावलंत. मी पैशांचं विचारलं तेव्हा फक्त मान हलवलीत.

बाबांचं बोलणं घरात आम्हीसुद्धा अर्ध्यावर तोडतो, भाऊ. टीव्ही चालूच असतो. तुमचं त्यांच्याशी नातं ना गोतं, आणि तुम्ही असे बसलात. तुमच्या आईवडिलांना माझा नमस्कार सांगा.

रविवारी जेवायला याच. वडाभात करते. बाबा म्हणतात, चौपाटीवरून आप्पा रात्री परत कसे आले ते सांगायचं राहिलंय, आणि ते तुम्हालाच सांगणार आहेत.

तुमची,
बाबांची लेक