एका घरात राहूनही विभक्त

संपादक महोदय,

पाहुणे आले की हॉलमधली गादी दिवाणात जाते, फ्रिजमधली वेगवेगळी दुधाची पातेली एका कप्प्यात येतात आणि दोघं मिळून चहा देतात. मुंबईतल्या कित्येक वन बीएचके घरांत नवरा-बायको वर्षानुवर्षं असेच राहतात. लोकलाज असतेच, पण खरा अडसर हप्त्याचा. फ्लॅट दोघांच्या नावावर, कर्जही दोघांच्या नावावर. भाड्याच्या घराचं डिपॉझिट आणायचं कुठून?

त्यात एक गैरसमज घर करून बसला आहे : एकाने घर सोडल्याशिवाय परस्परसंमतीच्या घटस्फोटासाठी लागणारं विभक्त राहण्याचं एक वर्ष मोजलंच जात नाही. हे चूक आहे. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३ब मधलं 'विभक्त राहणं' म्हणजे पती-पत्नी म्हणून न राहणं. छप्पर एक असलं तरी चालतं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्येच सुरेष्टा देवी खटल्यात सांगितलं. तेव्हा संबंध कधीपासून तुटले ती तारीख ठरवा आणि अर्जात दोघांनी तीच लिहा.

त्याच निकालाची दुसरी बाजू जास्त लक्षात ठेवावी. अर्जानंतर साधारण सहा महिन्यांनी दुसरी तारीख लागते, आणि हुकूमनामा (घटस्फोटाचा अंतिम आदेश) होईपर्यंत कुणीही एकतर्फी संमती मागे घेऊ शकतो. म्हणून ठरलेली सगळी रक्कम पहिल्याच तारखेला देऊन मोकळं होऊ नये. शेवटचा भाग दुसऱ्या तारखेला द्यावा. २०१७ पासून न्यायालय हे सहा महिने माफ करू शकतं, पण पोटगी, मुलांचा ताबा वगैरे सगळं आधी मिटलेलं असेल तरच.

सर्वात जास्त घोळ कर्जात होतो. 'फ्लॅट तिचा, हप्ते तिचे' एवढं लिहून दोघं सही करतात. बँक त्या कराराला बांधील नसते. हप्ता चुकला की तगादा दोघांकडे येतो, सिबिल (कर्जफेडीची पत दाखवणारा स्कोअर) दोघांचा घसरतो. एकट्याच्या उत्पन्नावर कर्ज चालू ठेवायला बँक तयार आहे का, हे अर्जाआधी लेखी विचारावं. मग हक्कसोडपत्राची, म्हणजे एकाने फ्लॅटमधला आपला हक्क दुसऱ्याला सोडल्याच्या दस्ताची, नोंदणी आणि शेवटी सोसायटीच्या भागदाखल्यावरचा (शेअर सर्टिफिकेटवरचा) नावबदल.

घरात मारहाण असेल तर मात्र वर्ष मोजत बसू नये. घरगुती हिंसाचाराविरुद्धच्या २००५ च्या कायद्याने बाईला त्याच घरात राहण्याचा हक्क आहे, घर तिच्या नावावर नसलं तरी. आणि विधी सेवा प्राधिकरणाचा वकील तिला मोफत मिळतो, मग तिचा पगार कितीही असो.

– एक महिला वकील, मुलुंड