ठेका कोण धरणार?

नौपाडा, ठाणे
रविवार

प्रिय बंड्या,

परवा तुझा फोन आला तेव्हा पाऊस भुरभुरायला लागला होता आणि मी गच्चीवरचे कपडे गोळा करत होतो. मी लिहितोय ती गोष्ट कुठवर आली विचारलंस, मी "चाललंय" म्हणून सुटलो. फोनवर सांगितली असती तर तू मधेच फिसकन हसला असतास. पत्र वाचून हसलास तरी मला ऐकू येणार नाही.

तर, तलावपाळीला, कोपिनेश्वराच्या बाजूला, एका जुन्या घराच्या माडीवर गोष्टीतलं मंडळ जमतं. गाणारे बाराजण. एकतालाच्या मात्रा मोजूनच घेतलेत, हे तुला सांगायला नको. बँकेतून रिटायर झालेले दोघे, एक मेडिकलवाला, पोळीभाजी केंद्राच्या मावशी, सगळी आपल्यातलीच माणसं. ते गायला लागले की आवाज पोचेल तिथवर घड्याळ त्यांच्या लयीत चालतं. माणसं मात्र आपल्या चालीने मोकळी. द्रुत धरली तर टपरीवरचा चहा ग्लासात पडेपर्यंत निवतो. विलंबित धरली तर खालच्या भेळवाल्याच्या मुठीतून सुटलेली शेव कागदावर पडायला दोन आवर्तनं घेते. एकेक काडी हवेत, पिवळीधमक, आणि समोरचं पोर हात लावू की नको करतंय. यावर मी अडीच पानं लिहिली. बायको म्हणाली, "शेव पडू दे आता खाली!"

आता तू म्हणशील, बाराजणांनी विलंबित गायची म्हणजे चेष्टा आहे का? नाहीच. तालातल्या खालीपर्यंत सगळे शहाण्यासारखे येतात आणि समेच्या आधी कोणीतरी उडी मारतोच. तसं झालं की शेव धपकन खाली, आणि अर्धा तलावपाळी रस्ता हॉर्न वाजवायला मोकळा.

शिवाय वेळ फुकट मिळत नाही. मुंबईची जुनी वेळ भारतीय प्रमाणवेळेच्या 39 मिनिटं मागे होती, आठवतं? प्रमाणवेळ 1906 ला आली, पण मुंबई महापालिका आपल्या जुन्या वेळेला पुढे कित्येक वर्षं चिकटून होती. मग घड्याळं पुढे केल्यावर ती 39 मिनिटं गेली कुठे? माझ्या गोष्टीत ती ठाण्याला येऊन राहिली. मंडळाची पुंजी तेवढीच. कोणाची गाडी चुकत असेल, कोणाला दवाखान्यात पोचायचं असेल, त्यात थोडी थोडी खर्च करायची. ही कल्पना माझी मलाच फार भारी वाटते, तेव्हा इथे तरी हसू नकोस.

अडलोय तो तबलजीपाशी. बाकीच्यांना गाता गाता खिडकीतून सगळं दिसतं. याला नाही. याची नजर मात्रांवर. हा चुकला की सगळंच सुटलं. इतकी वर्षं ठेका धरतोय, पण त्याने शेव पडताना एकदाही पाहिलेली नाही.

हे लिहिलं आणि पेन खाली ठेवलं. आपला सकाळच्या लोकलचा डबा आठवला. आम्ही डोळे मिटून अभंग म्हणायचो आणि तू दाराजवळ उभा, डब्याच्या पत्र्यावर ठेका. दादर जवळ आलं की लय चढवायचास. मुलुंड, भांडुप कधी मागे पडायचे, आम्हाला पत्ता नसायचा. तुला कळायचे का रे? प्रत्येक स्टेशन? तेव्हा कधी विचारलं नाही. तुला बसायला जागाही कोणी दिली नाही, मीसुद्धा.

भैरवी अजून मंडळाला गायला दिलेली नाही. ती झाली की उठावंच लागणार. त्याआधी तबलजीला एकदा तरी खिडकीशी न्यायचंय. तेवढा वेळ ठेका कोण धरणार, ते सुचत नाही.

गणपतीत साताऱ्याहून येशीलच. येताना तुझे टाळ आण, माझ्या जोडातला एक तडकलाय. आणि या वेळी पखवाजाला हात लावायचा नाही. मी बसतो. चुकेन, पण बसतो.

तुझा,
नान्या